देव, दानव आणि डेटा पॅक: चित्रगुप्त कचेरीच्या मदतकक्षाला वारंवार विचारले जाणारे प्रश्न

स्वर्ग, मर्त्य आणि पाताळ या तिन्ही लोकांत नेटवर्क पोचल्यापासून आमच्या कक्षाचा फोन खाली ठेवता येत नाही. (पाताळात रेंज स्वर्गापेक्षा बरी आहे. का, ते विचारू नये.) तेच ते प्रश्न पुन्हा पुन्हा येतात, म्हणून उत्तरं एकदाच लिहून टांगतो आहोत. प्रश्न पाठवण्याआधी हे पान वाचावं. दुर्वास ऋषींनी न वाचता थेट फोन केला तरी चालेल.

मी पाठवलेला मेसेज ‘सगळ्यांसाठी डिलीट’ केला. तो गेला ना?

समोरच्याच्या फोनवरून गेला. आमच्या वहीत आहे. या कचेरीचं कामच ते आहे.

मी फक्त खरी माहिती इकडून तिकडे पोचवतो. तरी लोक मला ‘कळीचा’ म्हणतात आणि ग्रुपमधून काढतात. दाद कुठे मागावी? – नारद

देवर्षी, तुमची फाइल आम्ही नीट तपासली. तुम्ही कळ लावल्याच्या नोंदी शेकड्यांनी आहेत, पण तुम्ही खोटं पसरवल्याची नोंद शोधून सापडली नाही. कृष्ण हा देवकीचाच मुलगा, हे कंसाला तुम्हीच जाऊन सांगितलंत. बातमी शंभर टक्के खरी. ती ऐकून कंसाने अक्रूराला गोकुळात धाडलं, कृष्णाला मथुरेत बोलावून घेतलं आणि स्वतःचं मरण दारात आणलं. म्हणजे खरी बातमी, योग्य माणसाला, योग्य वेळी. आजकाल तुमच्या नावावर जे खपतं त्यात या तिन्हींतलं एकही नसतं.

मर्त्यलोकात महाराष्ट्र नावाच्या भागात कीर्तनकार जिथे उभा राहतो त्या जागेला अजूनही ‘नारदाची गादी’ म्हणतात. तिथे उभं राहून वाटेल ते बोलायची माणसाला भीती वाटते. फोन हातात घेताना तशी वाटत नाही, हा दोष गादीचा नव्हे. तुम्हाला ग्रुपमध्ये परत घ्यावं अशी शिफारस केली आहे. अ‍ॅडमिन इंद्र आहे, त्यामुळे फार आशा धरू नये.

फॉरवर्ड करण्याआधी मजकूर वाचणं सक्तीचं आहे का?

व्यासांनी महाभारत सांगायला घेतलं तेव्हा लेखनिक गणपतीने अट घातली की सांगणं मध्ये थांबता कामा नये, लेखणी थांबली की काम सोडलं. व्यासांनी उलट अट घातली: अर्थ कळल्याशिवाय एक अक्षरही लिहायचं नाही. मग दम खायला हवा असला की व्यास एखादा अवघड श्लोक टाकत. असे ८,८०० श्लोक आहेत म्हणतात, जे ‘मला कळतात, शुकाला कळतात, संजयाला कळतात की नाही कोण जाणे’.

तुमच्या मावशींच्या ग्रुपवर पहिली अट काटेकोर पाळली जाते. पहाटे पाचपासून लेखणी थांबत नाही.

युद्धाचं थेट प्रक्षेपण मी केलं, तरी माझ्या खात्यावर ‘लाइव्ह’ असा शिक्का का दिसत नाही? – संजय

कारण ते लाइव्ह नव्हतं.

हे उत्तर दिलं की लोक आमच्याशी भांडतात, म्हणून सविस्तर. राजवाड्यात बसून संजय डोळे मिटून सांगतो आहे आणि शेजारी धृतराष्ट्र मान हलवतो आहे, हे चित्र सगळ्यांच्या डोक्यात पक्कं बसलं आहे. भीष्मपर्व उघडा. व्यासांनी आधी धृतराष्ट्रालाच दिव्यदृष्टी देऊ केली होती. तो म्हणाला, नातेवाइकांची कत्तल बघवणार नाही, नुसतं ऐकव. मग ती दृष्टी संजयला मिळाली. आणि त्यानंतर संजय येतो तो थेट रणांगणावरून, पहिलंच वाक्य घेऊन: भीष्म पडले. म्हणजे दहावा दिवस उलटलेला. धृतराष्ट्र कोसळतो, सावरतो, मग म्हणतो की पहिल्यापासून सांग. तेव्हा कुठे दहा दिवसांपूर्वीची गीता सुरू होते.

गीता आपल्याला मिळाली ती अशी, निकाल कळल्यावर लावलेलं रेकॉर्डिंग म्हणून. ‘माझ्या मुलांनी आणि पांडवांनी काय केलं’ हा धृतराष्ट्राचा प्रश्न आता वेगळा वाटतो का पाहा. सातशे श्लोकांत त्याच्या वाट्याला तेवढा एकच श्लोक आहे, आणि तो विचारताना म्हाताऱ्याला भीष्म पडल्याचं माहीत आहे.

आणखी एक. संजय एसी खोलीत बसणारा निवेदक नव्हता. शेवटी शेवटी सात्यकीने त्याला रणांगणावर पकडलं होतं. मारणारच होता, तेवढ्यात व्यास आले म्हणून सुटला. दुर्योधनाने प्राण सोडला त्या क्षणी दिव्यदृष्टीही गेली, म्हणजे वर्गणी तेवढ्यापुरतीच होती.

माझी पोस्ट अक्षरशः खरी होती. तरी माझा रीच चार बोटांनी का घटला? – युधिष्ठिर

धर्मराज, आपला रथ जमिनीपासून चार अंगुळं वर चालायचा. तिन्ही लोकांत एवढ्या उंचीवरचं अधिकृत खातं दुसरं नव्हतं. म्हणूनच तर ‘अश्वत्थामा मेला’ ही बातमी भीमाकडून ऐकूनही द्रोणांनी ती आपल्याकडून पडताळून घेतली. भीमाने माळव्याच्या राजाचा त्या नावाचा हत्ती मारला होता, हेही खरं. आपण ‘अश्वत्थामा मेला’ मोठ्याने म्हणालात आणि ‘हत्ती’ पुटपुटलात.

आता तांत्रिक बाजू सांगतो. मथळा मोठ्या टायपात आणि खुलासा ‘आणखी वाचा’ दाबल्यावर, ही पद्धत आपण शोधलीत असं नाही, पण ती वापरणाऱ्यांत आपण सर्वांत मोठे. वाचणारा शोकात होता, त्याने पुढचं दाबलं नाही. शस्त्रं खाली ठेवली, धृष्टद्युम्नाने डोकं उडवलं. रथ मात्र आपण ते बोललात त्याच क्षणी जमिनीला लागला होता. दंड कोणी ठोठावला याची आमच्याकडे नोंद नाही. यंत्रणेने आपोआप कापला असावा. अपील करता येत नाही.

वनात असताना मदतीसाठी हाक आली. आवाज हुबेहूब दादांचाच होता. तरी ती फसवणूक कशी? – लक्ष्मण

आवाज मारीचाचा होता. मरता मरता त्याने रामाच्या आवाजात ‘हा सीते, हा लक्ष्मणा’ असा टाहो फोडला. हल्ली यंत्रं करतात ते त्याने घशाने केलं. तुम्हाला शंका आली होती, तुम्ही तसं बोललाही होतात, पण घरच्यांनी घाबरून जोर केला. तेव्हाही लुटणाऱ्यांची भिस्त त्या घाईवरच होती. मग दारात साधू आला. प्रोफाइलवर कमंडलू, आत दशानन.

आणि लोक विचारतात तो उपप्रश्न: रेघ का ओलांडली? वाल्मीकींच्या रामायणात रेघ नाही. ती नंतरच्या कवींनी आखली, आणि तेव्हापासून सगळी चर्चा रेघ ओलांडणारीवरच होते. दहा तोंडांच्या खात्यावर तक्रार नोंदवायला कोणी येत नाही.

अशोकवनात पोचलो आहे. खातेदार समोर आहेत, पण मी खरा आहे हे पटवायचं कसं? – हनुमान

मारुतीराया, आमच्या नव्या कर्मचाऱ्यांना पडताळणी शिकवताना आम्ही तुमचंच प्रकरण वाचायला देतो. बँकांनीही द्यावं.

तुम्ही झाडावर बसून आधी काय विचार केलात? कोणत्या भाषेत बोलू? विद्वानांसारखं घोटीव संस्कृत बोललो तर सीतामाईला वाटेल हा रावणच आला. गोड, सफाईदार, अदबशीर भाषेत एकदा फसवलं गेलेलं माणूस त्याच भाषेला पुन्हा घाबरणार. ‘नमस्कार मॅडम, मी आपल्या बँकेतून बोलतोय’ हे वाक्य जितकं शुद्ध, तितकी शंका घ्यावी, हा धडा सुंदरकांडात आहे. तुम्ही साध्या माणसांच्या बोलीत रामाची गोष्ट सांगायला सुरुवात केलीत.

तरीही त्यांनी लगेच विश्वास ठेवला नाही. रावण रूप बदलून आला असेल, म्हणाल्या. मग विचारलं: राम दिसतात कसे, लक्ष्मण कसे, सांग. तुम्ही वर्णन केलंत. त्यानंतर अंगठी. लक्षात घ्या, अंगठी नंतर. वस्तू चोरता येते, ओळख चोरणं अवघड, म्हणून आधी ओळख आणि मग वस्तू.

परतीचा टप्पा तर लोक विसरूनच जातात. तुम्ही खरोखर सीतेला भेटलात हे रामाला कशावरून पटावं? त्यांनी चूडामणी दिला, आणि वर चित्रकूटावरच्या कावळ्याची गोष्ट सांगितली, जी त्या दोघांशिवाय कोणाला माहीत नव्हती. ‘तुमच्या पहिल्या शाळेचं नाव काय’ यापेक्षा कितीतरी चांगला गुप्त प्रश्न.

एवढ्या संकटात, राक्षसिणींच्या पहाऱ्यात, दोन महिन्यांची मुदत डोक्यावर असताना बाईंनी एकही पायरी गाळली नाही. आणि आमच्याकडे दुपारी जेवून निवांत पडलेली माणसं ओटीपी वाचून दाखवतात.

‘मी सहमत आहे’वर टिचकी मारण्याआधी अटी वाचाव्यात का? – हिरण्यकशिपू

तुम्ही वाचल्या होत्या. तुम्ही तर स्वतः लिहिल्या होत्या: माणसाकडून नको, पशूकडून नको, आत नको, बाहेर नको, दिवसा नको, रात्री नको, जमिनीवर नको, आकाशात नको, शस्त्राने नको. वकिलाने केलेला मसुदा वाटावा असा. फक्त उंबरठा आणि तिन्हीसांज राहून गेली. मोठ्या कंपन्यांचे करार उलट्या बाजूने असेच लिहिलेले असतात. तिथे उंबरठ्यावर आपण असतो.

रावणाने माणूस आणि वानर यादीत घातलेच नाहीत, क्षुद्र म्हणून. त्याला उत्तर स्वतंत्रपणे कळवलं आहे.

सहा महिने झोपून एक दिवस उठतो. तेवढ्यात ४७ हजार मेसेज. काय करू? – कुंभकर्ण

सगळे ‘वाचले’ म्हणून खूण करा आणि पुन्हा झोपा. कोणीही महत्त्वाचं काही म्हटलेलं नाही. अपवाद: भाऊ युद्धाला बोलावतो आहे. तो मेसेज दिसला नाही असं सांगता येईल का पाहा.

तारुण्याचं फिल्टर किती काळ वापरता येतं? – ययाती

हजार वर्षं. मुलाच्या चेहऱ्यावरून उतरवलेलं असल्यामुळे परत करावं लागेल.

एका सुंदर मुलीने डान्स चॅलेंज दिलं आहे. स्टेप्स सोप्या आहेत. करू का? – भस्मासुर

हात डोक्यावर न्यायची स्टेप कधी आहे ते आधी विचारा. (हे उत्तर पोचेपर्यंत खातं बंद झालं होतं. राख जपून ठेवली आहे.)

आतेभाऊ आहे म्हणून शंभर शिव्या सहन केल्या. आता ब्लॉक केलं तर चालेल का? – द्वारकेहून

आत्याला दिलेला शब्द शंभर अपराधांचा होता. राजसूयाच्या मांडवात, अग्रपूजेवरून, पाहुण्यांसमोर त्याने हिशेब ओलांडला. चालेल. मात्र एवढी मोजदाद ठेवण्याइतका धीर आमच्या इतर सदस्यांत नाही. ते दुसऱ्याच शिवीला सुदर्शन शोधू लागतात आणि तिसरीला स्वतः शिशुपाल होतात.

तेरा वर्षं संपेपर्यंत आम्हाला कोणी शोधू नये. गोपनीयतेसाठी काय करावं? – पाच भाऊ आणि एक सैरंध्री

बाहेरची नावं चांगली घेतलीत: कंक, बल्लव, बृहन्नला, ग्रंथिक, तंतिपाल. शस्त्रं स्मशानाजवळच्या शमीच्या झाडावर बांधलीत आणि वास येऊन लोकांनी लांब राहावं म्हणून शेजारी एक प्रेत लटकवलंत. विचारणाऱ्या गुराख्यांना सांगितलंत की ही आमची एकशेऐंशी वर्षांची आई, आमच्या कुळात अशीच रीत आहे. आमच्या सुरक्षा विभागाने या कल्पनेला उभं राहून टाळ्या वाजवल्या. दसऱ्याला मराठी मुलखात शमीची पूजा होते तेव्हा हे प्रेत कोणी आठवत नाही, हेही बरंच.

पण आपसांतली गुप्त नावं! जय, जयंत, विजय, जयत्सेन, जयद्बल. पाच पासवर्ड आणि पाचांतही ‘जय’. पुढे ‘१२३’ लावायचं तेवढं राहिलं.

शिवाय नाव बदललं तरी सवयी बदलत नाहीत. कीचक मेल्याची बातमी हेरांनी हस्तिनापुरात नेलीच. त्यातही पितामह भीष्मांनी जे सांगितलं ते आम्हाला सर्वांत धोक्याचं वाटतं: युधिष्ठिर जिथे असेल तिथे पाऊस वेळेवर पडेल, गाई पुष्ट असतील, दूधदुभतं रसाळ असेल, तिथे शोधा. चेहरा नको, नाव नको, नुसत्या दुधाच्या चवीवरून ठिकाण. जाहिरातवाले आज याहून वेगळं काय करतात?

भर सभेत एक प्रश्न टाकला. सगळ्यांनी पाहिला. कोणीच उत्तर दिलं नाही. – द्रौपदी

आपला प्रश्न असा नोंदला आहे: ‘आधी स्वतःला हरलात की मला?’ निरोप्याला परत पाठवून विचारलेला. निळ्या खुणा सगळ्यांच्या आल्या आहेत. द्रोण, कृप, धृतराष्ट्र. भीष्मांनी ‘धर्माची गती सूक्ष्म आहे’ असं उत्तर दिलं आणि प्रश्न युधिष्ठिराकडे ढकलला. उत्तर द्या, असं विदुराने बजावलं. उघडपणे बाजू घेतली ती विकर्णाने, दुर्योधनाच्याच धाकट्या भावाने. त्याला लगेच कर्णाने ‘तू लहान आहेस, तुला काय कळतं’ म्हणून गप्प केलं.

हा प्रश्न आमच्याकडे ‘प्रलंबित’ या सदरात आहे. या कक्षात यावर कोणी विनोद करत नाही.

माझ्या नावाने ‘आंधळ्याचा मुलगा आंधळाच’ असा स्क्रीनशॉट फिरतो आहे. मी हे म्हटलं होतं का? – द्रौपदी (दुसरा अर्ज)

हे तपासायला आम्ही पुण्याला विचारलं. तिथल्या भांडारकर प्राच्यविद्या संशोधन संस्थेत १९१९ साली महाभारताची चिकित्सक आवृत्ती करायचं काम सुरू झालं आणि १९६६ मध्ये संपलं. १,२५९ हस्तलिखितं जमवून, ओळीला ओळ लावून, कुठला मजकूर सगळीकडे आहे आणि कुठला नंतर घुसला हे वेगळं केलं. १९ खंड. मर्त्यलोकात याहून चिवट फॅक्ट-चेक आम्ही पाहिलेला नाही. सत्तेचाळीस वर्षं, तेही कोणी लाइक करत नसताना.

उत्तर: त्या संहितेत हे वाक्य आपल्या तोंडी नाही. मयसभेत दुर्योधन पाण्यात पडला तेव्हा हसला तो भीम आणि त्याचे भाऊ. आपण बायकांसह हसलात, हे येतं ते दुर्योधन घरी जाऊन बापाला गाऱ्हाणं सांगतो त्यात. म्हणजे साक्षीदार कोण, तर ओला झालेला माणूस. त्यातही तो हसण्याबद्दलच बोलतो, आंधळेपणाबद्दल नाही. तरी या एका न उच्चारलेल्या वाक्यावर अख्ख्या युद्धाचं खापर फोडणाऱ्या पोस्ट रोज येतात.

जाता जाता: वर सांगितलेली गणपतीच्या लेखणीची गोष्टही त्या आवृत्तीत मूळ संहितेबाहेर, परिशिष्टात गेली आहे. पुण्यात बसून गणपतीला परिशिष्टात टाकायला काय छाती लागली असेल! ती गोष्ट आम्ही तरीही सांगतो, पण आता सांगून सांगतो.

माझे सुविचार म्हणून काहीही फिरतं. ‘जे झालं ते चांगलंच झालं, तू काय आणलं होतंस जे गमावलंस’ हे मी कधी म्हणालो? – पुन्हा द्वारकेहून

सातशे श्लोक तीनदा चाळले. नाही म्हणालात. हा मजकूर हॉटेलच्या गल्ल्यामागे, दवाखान्याच्या भिंतीवर आणि हल्ली स्टेटसवर ‘गीतासार’ म्हणून लागतो. मुलगा रणांगणावर मरणार असलेल्या माणसाला ‘जे होतंय ते चांगलंच’ असं आपण सुनावलं असतंत तर त्याने गांडीव उचललं नसतं, आपल्याच अंगावर टाकलं असतं.

आपण शेवटी जे म्हणालात ते अठराव्या अध्यायात आहे: याचा पुरता विचार कर आणि मग तुला हवं तसं कर. ‘यथेच्छसि तथा कुरु.’ हे स्टेटसला कोणी लावत नाही. आणि आपलाच फोटो वर लावून खाली लिहितात, ‘हा मेसेज अकरा जणांना पाठवा, नाहीतर अनर्थ होईल.’

लॉगआउट होत नाही. तीन हजार वर्षं झाली. – अश्वत्थामा

शाप आहे, आमच्या अखत्यारीत नाही. सातपुड्यात, नंदुरबारकडच्या अस्तंबा शिखरावर दिवाळीच्या सुमारास तुमच्या नावाने यात्रा भरते, लोक रात्रभर डोंगर चढून येतात. लॉगआउटचं बटण तिथेही नाही, पण सोबत असते. कपाळाच्या जखमेसाठी तेल मागायला येता असं नर्मदाकाठी म्हणतात. तेलाची विनंती स्वतंत्र अर्जावर करावी.

भक्ताने ‘थांब, कामात आहे’ म्हटलं आणि बसायला, नव्हे, उभं राहायला वीट टाकली. त्यानंतर काही निरोप नाही. किती वेळ वाट पाहावी? – पंढरपूर

कचेरीच्या रिवाजाप्रमाणे ‘आपण’ लिहायला हवं, पण तुला ‘आपण’ म्हणायला जीभ वळत नाही.

नामदेवांच्या आरतीप्रमाणे अठ्ठावीस युगं झाली आहेत. इतका वेळ होल्डवर राहिलेला दुसरा ग्राहक आमच्याकडे नाही. पुंडलिकाची स्थिती अजून ‘आईवडिलांचे पाय चेपत आहे’ अशीच दिसते. त्याने तुला पाहिलं नाही असं नाही. पाहिलं, म्हणून तर वीट फेकली. आम्ही तक्रार नोंदवू का, असं दर आषाढीला विचारतो. तू दर आषाढीला नको म्हणतोस, आणि तोवर दारात एवढी माणसं जमतात की तुझाच नंबर लागत नाही.

वीट पावसाळ्यात गार पडत असेल तर कळव. कक्षाकडे एक घोंगडी शिल्लक आहे.